पुलाखालची नर्मदा, पुलाखालची स्वर्णरेखा

नर्मदा आपल्या मध्य प्रदेशाची. अमरकंटकला उगम, भेडाघाटला धबधबा, महेश्वरला अहिल्याबाईंचे घाट, हे आपण शाळेपासून ऐकतो. पण उगमापासून सागरापर्यंत अख्खी नर्मदा मी पायी चालले ती मुंबईत, माटुंग्याला, आणि तीही साधारण दहा मिनिटांत. वर गाड्या धावत होत्या, दोन्ही बाजूंना बस आणि टॅक्सी हॉर्न वाजवत होत्या, आणि मधल्या पट्ट्यात, उड्डाणपुलाच्या पोटाखाली, एक निळी वाट वळणं घेत चालली होती. हे नानालाल डी. मेहता उद्यान. डॉ. आंबेडकर रस्त्यावर किंग्ज सर्कलजवळ तुळपुळे उड्डाणपूल आहे, त्याच्या खाली.

वाटेची लांबी सहाशे मीटर. ती नर्मदेच्या प्रवाहासारखी आखलेली आहे. एका टोकाला अमरकंटक, दुसऱ्या टोकाला खंभातचं आखात, आणि मध्ये नदीकाठच्या ठिकाणांची माहिती कोरलेले दगड. खरी नर्मदा १३१२ किलोमीटर. म्हणजे माटुंग्यात एक मीटर चाललात की नदीकाठचे दोन किलोमीटरांहून जास्त अंतर मागे पडतं. माझी भाची तिथे जवळच राहते, नोकरी करते, संध्याकाळी तिथे फिरायला जाते. तिने मला नेलं होतं.

"मावशी, परिक्रमेत नदी ओलांडायची नसते ना? इथे तर सगळे नदीवरूनच चालतात."

खरंच होतं. परिक्रमेचा नियम असा, की नर्मदामाई उजव्या हाताला ठेवायची आणि तिचं पात्र कुठेही ओलांडायचं नाही. इथे स्पोर्ट्स शूज घातलेले आजोबा तिच्या पात्रातून झपाझप चालत होते, दोन बायका ओंकारेश्वरच्या आसपास उभ्या राहून कुणाच्या तरी लग्नाचं बोलत होत्या, आणि एक मुलगा आखाताकडून उगमाकडे सायकल दामटायला बघत होता, त्याला पहारेकऱ्याने अडवलं. मला मात्र त्यात काही वावगं वाटलं नाही. नदीकाठी माणसं हेच करतात.

बागेचं कौतुक बऱ्याच जणांनी केलं आहे, तिचे फोटो तुम्हीही मोबाइलवर पाहिले असतील. पण फोटोत दिसत नाही ती गोष्ट म्हणजे ही बाग आधी कुणी आणि कशी मिळवली. मला सांगायचं आहे ते त्याबद्दल, कारण आता तोच प्रश्न आपल्या ग्वाल्हेरच्या दारात येऊन उभा आहे.

पूल झाला तेव्हा खालची जागा मोकळी राहिली. शहरात मोकळी आणि सावलीची जागा फार दिवस मोकळी राहत नाही. तिथे गाड्या लागू लागल्या, जुगाराचे अड्डे बसले, नशा करणारे जमू लागले, कचरा साठू लागला. असं सगळ्या शहरांतल्या सगळ्या पुलांखाली होतं. माटुंग्यात वेगळं घडलं ते असं, की आसपासच्या रहिवाशांनी बाग होण्याची वाट न पाहता आधी पहारा सुरू केला. वर्गणी काढून, स्वतःच्या पैशाने सुरक्षारक्षक ठेवले आणि जागा रिकामी आणि स्वच्छ राखली. एकीकडे महापालिकेकडे अर्ज, बैठका, पाठपुरावा. वर्षं गेली. मग पालिकेने सुमारे पाच कोटी रुपये खर्चून बाग केली आणि २०१६ मध्ये ती लोकांना खुली झाली.

म्हणजे क्रम असा होता: आधी माणसं, मग पहारा, मग कागद, आणि सगळ्यात शेवटी बाग. आपल्याकडे बहुतेक वेळा नेमकं उलट होतं. आधी उद्घाटनाची पाटी, मग चार कुंड्या, मग कुंड्यांच्या जागी नुसते गोल डाग.

पुलाखाली बाग करणं हे काही माळीकामातलं सोपं प्रकरण नाही. छप्पर आहे म्हणजे ऊन नाही, आणि पाऊसही नाही. भर श्रावणात बाहेर धो धो चालू असताना पुलाखालची माती कोरडी ठणठणीत असते. वरचं सगळं पाणी खांबांलगतच्या पाइपांतून एका जागी कोसळतं, तिथे चिखल, आणि हातभर अंतरावर धूळ. माती म्हणायची, पण खरं तर ती बांधकामाचा राडारोडाच. हिरवळ अशा सावलीत पिवळी पडून मरते. तग धरतात ती आपल्या घरातल्या जिन्यापाशी जगणारी झाडं: मनीप्लांट, स्नेक प्लांट, सिंगोनियम. कडेच्या पट्ट्यात, जिथे तिरपं ऊन पोचतं, तिथे काहीतरी फुलणारं लावता येतं. पानांवर रोज धूळ आणि धुराचा थर बसतो, तो धुवावा लागतो, म्हणजे बारा महिने पाणी आणि बारा महिने माणूस. बागेचा खरा खर्च तो आहे. पाच कोटी एकदाच लागतात, माळी रोज लागतो.

आणि हवेचं म्हणाल, तर ती वाईटच आहे. दोन वाहत्या रस्त्यांच्या मध्ये बसून प्राणायाम करणाऱ्या गृहस्थांकडे पाहून मला त्यांची काळजीच वाटली. आत शिरायलाही रस्ता ओलांडावा लागतो, म्हाताऱ्या माणसांना ते सोपं नाही. मग लोक येतात कशाला? भाचीचं उत्तर सरळ होतं. "मावशी, इथे दिवे आहेत, पहारेकरी आहे, आणि नऊ वाजता एकटीने चाललं तरी कुणी बघत नाही." सरळ, लांबट, उजेडात असलेली, फुकट वाट. मुंबईत दोन खोल्यांत राहणाऱ्या माणसाला यापुढे धुराचं फार वाटत नाही. मला वाटतं, मोठ्या बागेपेक्षा ही आखणी शहाणपणाची आहे. जागा अरुंद आणि लांब, तर तिच्यात चालण्याची वाटच करायची, कारंजी आणि पुतळे कोंबत बसायचं नाही.

मुंबईत यानंतर असे आणखी प्रयोग झाले. लोअर परळच्या बाजूला सेनापती बापट मार्गाच्या उड्डाणपुलाखाली २०२२ मध्ये 'वन ग्रीन माइल' झालं, निळ्या पट्ट्यांचं आणि हिरव्या कमानींचं, नेदरलँड्सच्या वास्तुविशारदांच्या सहभागाने. नवी मुंबईत सानपाड्याला पुलाखाली जाळ्या लावून मुलांना बास्केटबॉल आणि बॅडमिंटनला जागा करून दिली. पण माटुंग्याशी मला खरं नातं दिसतं ते अमेरिकेतल्या एका पुलाशी.

कॅलिफोर्नियातल्या सॅन डिएगो शहरात बॅरिओ लोगन नावाची मेक्सिकन वंशाच्या लोकांची जुनी वस्ती आहे. आधी तिच्यातून महामार्ग काढला, मग १९६९ मध्ये कोरोनाडोचा मोठा पूल झाला, त्याचे खांब वस्तीच्या मधोमध उभे राहिले. घरं गेली. बदल्यात पुलाखाली बाग देऊ असं वस्तीला सांगितलेलं होतं. २२ एप्रिल १९७० रोजी तिथे बुलडोझर दिसले. चौकशी केली तर कळलं, की बाग नाही, महामार्ग पोलिसांचं ठाणं होणार आहे. लोक घरांतून, शाळा-कॉलेजांतून निघाले, बुलडोझरपुढे हातात हात घालून उभे राहिले, आणि मग तिथेच राहिले. बारा दिवस. त्या बारा दिवसांत नुसत्या घोषणा दिल्या नाहीत, स्वतःच्या हाताने जमीन सपाट केली, झाडं लावली. शेवटी सरकारने जागा बागेला दिली. पुढे १९७३ पासून खांबांवर चित्रं काढायला सुरुवात झाली, आपल्या पूर्वजांची, आपल्या देवतांची, आपल्या कामगारांची. आज चिकानो पार्क हे अमेरिकेचं राष्ट्रीय ऐतिहासिक स्थळ आहे. परक्या प्रांतात पिढ्यान् पिढ्या राहिलेल्या, घरात एक आणि रस्त्यावर दुसरी भाषा बोलणाऱ्या लोकांनी ही बाग केली, हे आपल्यासारख्यांनी लक्षात घ्यावं असं आहे.

आता ग्वाल्हेर.

आपल्या शहराला बागा नव्या नाहीत. फूलबाग माधवराव महाराजांनी केली, आणि केली ती काय रुबाबात! एका आवारात गोपाळ मंदिर, मशीद, गुरुद्वारा आणि थिऑसॉफिकल लॉज. मोतीमहालाजवळ बैजाताल, पाण्यात मधोमध मंच. ज्यांनी लश्कर वसवलं त्यांना शहराला श्वास घ्यायला जागा लागते हे कळत होतं. पण या सगळ्या बागा वरून खाली आल्या. महाराजांनी दिल्या, आपण फिरलो. आपल्या आज्या फूलबागेत जायच्या, आपल्या आया मुलांना घेऊन जायच्या, आणि बाग ही महाराजांनी किंवा नगर निगमने द्यायची गोष्ट आहे असंच आपल्या अंगवळणी पडलं. मागून घेतलेली, राखून घेतलेली बाग आपल्याला ठाऊकच नाही. माटुंग्याने मला हे दाखवलं.

आणि आता आपल्याकडे एक पूल होतो आहे, साधासुधा नाही. २०२२ च्या सप्टेंबरात नितीन गडकरींच्या हस्ते भूमिपूजन झालेला एलिव्हेटेड रोड. पहिला टप्पा ट्रिपल आयटीएमपासून राणी लक्ष्मीबाईंच्या समाधीपर्यंत, दुसरा तिथून पुढे गिरवाईपर्यंत. शहराच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत वरच्यावर जायची सोय. मी या रस्त्याच्या विरोधात नाही, हे आधीच सांगते. फूलबाग ते बाडा या रस्त्यावर संध्याकाळी सहा वाजता ई-रिक्षात अडकून बसलेल्या कुणीही विरोधात असू नये.

पण हा रस्ता जातो कुठून? स्वर्णरेखेवरून. खांब उभे आहेत ते तिच्या पात्रात आणि काठांवर.

तुमच्यापैकी बऱ्याच जणांना स्वर्णरेखा हे नदीचं नाव आहे हेच माहीत नसेल. आपण सगळे तिला नाला म्हणतो. 'नाले के पास उतार देना भैया' असं रिक्षावाल्याला सांगतो. ती शहराच्या दक्षिणेकडच्या टेकड्यांमधून, हनुमान बांध आणि वीरपूर बांधाच्या बाजूने येते, लश्करच्या पोटातून वाहते, समाधीजवळून पुढे उत्तरेला जाते. दौलतराव शिंद्यांची छावणी १८१० च्या सुमारास इथे पडली आणि त्या छावणीचं लश्कर झालं, तेव्हा छावणीला पाणी लागत होतं. घोड्यांना, हत्तींना, माणसांना. आपले पूर्वज पुण्याहून, साताऱ्याहून, कोकणातून आले आणि चिटणीसांच्या गोठीत, फाळके बाजारात, पाटणकर बाजारात स्थिरावले, ते या पाण्याच्या आसपास. वस्त्यांची नावं आजही मराठी आहेत, पाणी मात्र आपण ओळखत नाही.

एका प्रसंगात तरी हे पाणी आपल्याला तोंडपाठ आहे. जून १८५८. राणीचा घोडा नाल्यापाशी अडला, उडी मारेना, आणि तिथे ती घेरली गेली, असं आपल्याला लहानपणापासून सांगितलं गेलं. तो नाला म्हणजे हीच स्वर्णरेखा असं इथे सांगतात. जखमी राणीला जवळच्या गंगादासांच्या शाळेत नेलं, आणि तिथल्या साधूंनी इंग्रजांशी लढत तिच्या देहाला अग्नी दिला. तांब्यांची लेक, नेवाळकरांची सून, ग्वाल्हेरच्या मातीत गेली. समाधीपाशी आपण दर जूनमध्ये फुलं वाहतो. समाधीपासून थोडं चाललं की जे काळं पाणी दिसतं, त्याच्याकडे नाकाला पदर लावून पाठ फिरवतो. मलाही हे विचित्र वाटू लागलं ते माटुंग्याहून परत आल्यावरच.

कारण पाहा: मुंबईकरांच्या पुलाखाली नदी नव्हती, म्हणून त्यांनी आपल्या प्रांतातली नदी रंगवून घेतली, तिचे घाट दगडांवर कोरून घेतले. आपल्या पुलाखाली खरी नदी आहे. आपल्याला रंगवायची गरजच नाही. आणि नेमकी तीच आपण झाकायला निघालो आहोत.

परत आल्यानंतरच्या आठवड्यात मी समाधीपासून नदीच्या काठाकाठाने चालत गेले, जिथपर्यंत जाता येईल तिथपर्यंत. सगळीकडे जाता येत नाही. कुठे घरांच्या पाठी थेट पात्राला लागलेल्या, कुठे बांधकामाचे पत्रे. पात्राचा तळ काँक्रीटचा आहे. काही वर्षांपूर्वी नदी सुशोभित करायच्या उत्साहात तिला तळ आणि भिंती बांधून दिल्या, तिच्यात नावा चालवायचीही स्वप्नं होती. पण नदी म्हणजे काही टाकी नव्हे. तळ सिमेंटचा केला की पाणी जमिनीत मुरत नाही, आणि जमिनीतलं पाणी नदीत येत नाही. पावसाळ्याचे चार दिवस सोडले तर वरून येणारं पाणी नाहीच, मग उरतं ते घराघरांतलं सांडपाणी. गुळगुळीत तळावरून ते काळ्या फितीसारखं सरकत असतं. पिशव्या, निर्माल्य, थर्मोकोल. एका ठिकाणी कुणाचा तरी फ्रेम केलेला देवाचा फोटो पालथा पडला होता. नदीची ही अवस्था उच्च न्यायालयाच्या ग्वाल्हेर खंडपीठापर्यंत गेली आहे, न्यायालयाने अधिकाऱ्यांना वारंवार जाब विचारला आहे. म्हणजे तक्रार नवी नाही.

नवे आहेत ते खांब. त्यांच्याखाली उभं राहिलं आणि वर पाहिलं की एक गोष्ट मान्य करावी लागते: सावली पडते. मे महिन्यात पारा पंचेचाळिसाला टेकतो त्या शहरात कित्येक किलोमीटर लांब सलग सावली मिळणं ही लहान गोष्ट नाही. चिरवाईपासून जलालपूरपर्यंत एवढी सावली आपल्या सगळ्या बागा मिळूनही नसेल. ती सावली कुणाची होणार, हा माझा प्रश्न आहे.

दोन शहरांची उदाहरणं सांगते, कारण त्यांनी नेमकं हेच करून पाहिलं आहे. चेन्नईत बकिंगहॅम कालव्याच्या काठाने आणि पात्रात खांब रोवून उपनगरी रेल्वेचा उन्नत मार्ग नेला. गाडी धावली, पण कालवा अरुंद झाला, गाळाने भरला आणि रेल्वेखालची अंधारी गटारगंगा होऊन बसला. दुसरं सोल, दक्षिण कोरियाची राजधानी. तिथे शहराच्या मध्यभागी च्योंगग्येच्योन नावाचा ओढा होता, आपल्या स्वर्णरेखेसारखाच घाण झालेला. त्यांनी तो झाकला आणि वरून उन्नत महामार्ग नेला. तीसेक वर्षांनी २००३ मध्ये तोच महामार्ग पाडायला घेतला आणि २००५ मध्ये ५.८ किलोमीटर ओढा मोकळा केला. आज तिथे ऑफिस सुटल्यावर लोक पाण्यात पाय सोडून बसतात. त्यात पाणी पंपाने आणून सोडावं लागतं, म्हणजे तीही पूर्ण नैसर्गिक नदी नव्हे, हेही सांगायला हवं. पण एक खरं, की त्यांना आधी रस्ता पाडावा लागला. आपण अजून रस्ता बांधतो आहोत, म्हणजे आपल्याला विचार करायला त्यांच्याहून आधी वेळ मिळाला आहे.

मला काय हवं आहे? कारंजी नकोत. सेल्फी पॉइंट तर मुळीच नको. 'आय लव्ह ग्वाल्हेर'ची अक्षरं शहरात पुरेशी झाली. मला खांबांच्या कडेने एक चालायची वाट हवी, दिव्यांची, समाधीपासून निदान पुढच्या पुलियापर्यंत. पात्राकडे बघणारी, पात्राला पाठ करणारी नव्हे. पात्रात पडणारं सांडपाणी वळवून घेतल्याशिवाय ती वाट चालवणार नाही हे उघड आहे, कारण वासाने कुणी थांबणारच नाही. म्हणजे बाग मागायची तर नदीही मागावी लागेल. एरवी नदी स्वच्छ करा म्हटलं की फाइल निघते. पण रोज संध्याकाळी चालायला येणारी दोनशे माणसं नाक दाबून तक्रार करू लागली, तर ती फाइल टेबलावरून हलते, असा माझा साधा हिशेब आहे. माटुंग्याच्या रहिवाशांनीही वेगळं काही केलं नव्हतं.

एक गोष्ट मात्र मला माटुंग्यासारखी नको. तिथे बागेला कुंपण आणि फाटक आहे, फाटकाला वेळा आहेत. मुंबईत त्याला कारणं असतील. पण फाटक म्हटलं की कुणीतरी बाहेर राहतं. आपल्या पडाव पुलाखाली दुपारी जाऊन पाहा. हातठेलेवाले ठेल्यावरच अंग टाकून झोपलेले असतात, ई-रिक्षावाले डबा खातात, कुणी न्हावी आरसा टांगून बसलेला असतो, बाहेरगावची माणसं गाडीची वेळ होईपर्यंत गाठोड्यावर टेकलेली असतात. आपण घरी पंख्याखाली असताना ज्यांना पंखा नाही त्यांची ती दुपारची ओसरी आहे. त्यांना हाकलून केलेली बाग सुंदर दिसेल, आणि संध्याकाळी सात ते नऊ सोडून बावीस तास रिकामी राहील. रिकामी जागा मग कुणाच्या ताब्यात जाते ते आपण वर पाहिलं. उलट पाण्याचा एक नळ, बसायला चार कट्टे, ठेल्यांना एक आखून दिलेली जागा आणि स्वच्छतागृह दिलं, तर तीच माणसं दिवसभराचे पहारेकरी होतील. चहावाला ज्या जागी उभा असतो तिथे रात्री नऊला मुलगी निर्धास्त चालते. हे कुठल्याही वास्तुविशारदाच्या नकाशात नसतं, पण बाड्यावर वाढलेल्या प्रत्येकीला ठाऊक असतं.

हे सगळं एका घरगुती बैठकीत बोलले तेव्हा आमचे एक काका म्हणाले, "अगं, आपण मराठी लोक इथे किती उरलो? कोण ऐकणार आपलं?" काकांचं मोजणं बरोबर आहे. घरं रिकामी होत आहेत, मुलं पुण्याला, बंगळूरला, त्याही पुढे गेली. पण स्वर्णरेखा काही फक्त मराठ्यांची नाही. नदीच्या काठच्या घरांत सगळ्या जातीधर्माची माणसं राहतात, आणि वास सगळ्यांना सारखाच येतो. आपल्याकडे मंडळ आहे, गणपतीत शंभर स्वयंसेवक उभे करायची सवय आहे, वर्गणीची पावतीपुस्तकं आहेत, हिशेब चोख ठेवणारे निवृत्त बँकवाले आहेत. माटुंग्यात सुरुवातीला लागलं ते इतकंच. शिवाय ढोलीबुवांच्या मठात कीर्तनाला बसणाऱ्या आजींपासून ट्रिपल आयटीएममध्ये शिकणाऱ्या नातवापर्यंत सगळे आपल्याच घरांत आहेत, आणि हा रस्ता तर नातवाच्या कॉलेजपासूनच सुरू होतो. त्याच्या मित्रांना नकाशा काढता येईल, खांब मोजता येतील, कुठे किती सांडपाणी पडतं त्याची ठिकाणवार नोंद करता येईल. असा कागद हातात असला की अर्ज नुसती कुरकुर राहत नाही.

काका यावर म्हणाले, "बरं, नकाशा काढा, पण त्यात नदीचं नाव लिहा हो. नाला लिहू नका." मग स्वतःच उठून चष्मा शोधू लागले, त्यांच्याकडे लश्करचा जुना नकाशा कुठेतरी आहे म्हणे.

तर तूर्त एवढंच ठरलं आहे: येत्या रविवारी सकाळी साडेसहाला समाधीच्या फाटकाशी जमायचं आणि काठाने जाता येईल तितकं चालायचं. एकाने खांब मोजायचे, एकाने नदीत पडणारी गटारं, आणि बाकीच्यांनी सावली दुपारपर्यंत कुठे सरकते त्याच्या खुणा करायच्या. लहान मुलांना आणायचं असेल तर जरूर आणा, राणीची गोष्ट त्यांना तिथेच उभं राहून सांगता येईल. बूट घाला, चपला नकोत. पाण्याची बाटली आणा, आणि नाकाला रुमाल. परतताना फूलबागेच्या चौपाटीवर पोहे माझ्याकडून.